ओव्याचं पान आमटीत घाला, बाळाच्या चमच्यात नको

आपल्या वस्तीत घरापुढे अंगण नसतं, पण तेलाच्या डब्यात लावलेली तुळस, कोरफड नाहीतर ओव्याच्या पानांचं झाड बऱ्याच दारात दिसतं. जाड, लुसलुशीत, बारीक लव असलेली आणि कडेला कातरलेली ही पानं. चुरगाळली की ओव्याचा वास येतो. या झाडाला कोणी पानओवाही म्हणतात. आपण डब्यात ठेवतो तो ओवा मात्र वेगळ्या झाडाचं बी आहे. दोन्हींत सारखी तेलं असल्यामुळे वास तेवढा जुळतो.

या पानाचे उपयोग सांगायच्या आधी एक अनुभव सांगते. मी लहान मुलांच्या वॉर्डात रात्रपाळीला होते. एक आजी चार महिन्यांच्या नातवाला घेऊन आली. बाळाची छाती खालून आत ओढली जात होती. घरी दोन दिवस तव्यावर गरम केलेल्या पानाचा रस मधातून चाटवत होते. बाळाला न्यूमोनिया झाला होता, लगेच ऑक्सिजन लावावा लागला. बाळ वाचलं. आजीवर मी रागावले नाही. सून आणि ती दोघीही घरकामाला जात. त्या परत येईपर्यंत सरकारी दवाखाना बंद व्हायचा आणि खाजगी डॉक्टरची फी परवडत नव्हती. दारातलं पान फुकट होतं. माझ्या आजीनेही आम्हाला हेच दिलं होतं. पण त्या रसात दोन दिवस गेले, हे खरं.

म्हणून हे लक्षात ठेवा. सहा महिन्यांपर्यंत बाळाला फक्त आईचं दूध. रस, गुटी, पाणी काही नाही. एक वर्षाच्या आत मध चाटवूसुद्धा नका, त्यातून लहान बाळाला गंभीर विषबाधा होऊ शकते.

खोकला झालेल्या बाळाचा श्वास घरी मोजता येतो. बाळ शांत असताना, रडत किंवा पीत नसताना, अंगावरचं झबलं वर करा. मोबाईलवर पूर्ण एक मिनिट लावा आणि पोट किती वेळा वर येतं ते मोजा.

२ महिन्यांच्या आतील बाळ : ६० किंवा जास्त (पुन्हा एकदा मोजून खात्री करा)
२ महिने ते १ वर्ष : ५० किंवा जास्त
१ ते ५ वर्षे : ४० किंवा जास्त

आकडा एवढा आला तर त्याच दिवशी दवाखाना गाठा. छाती आत ओढली जात असेल, बाळ पीत नसेल, सुस्त पडलं असेल, झटके आले असतील किंवा ओठ निळे दिसत असतील तर रात्र असली तरी थांबू नका, १०८ ला फोन करा. २ महिन्यांच्या आतील बाळाला ताप आला किंवा अंग गार पडलं तरीही तसंच. १ वर्षापर्यंतच्या आजारी बाळावर सरकारी रुग्णालयात उपचार, औषधं आणि नेण्या-आणण्याची सोय मोफत आहे. तो आपला हक्क आहे. कोणी पैसे मागितले तर आशाताईला सोबत घेऊन विचारा.

आता पानाची खरी जागा : स्वयंपाकघर. वस्तीत ब्लडप्रेशरचे रुग्ण घरोघरी आहेत. मोठ्या माणसाला दिवसभरात सगळं मिळून ५ ग्रॅम, म्हणजे सपाट एक चहाचा चमचा, याहून कमी मीठ पुरे. पण मीठ कमी केलं की घरचे म्हणतात, आमटी मिळमिळीत लागते. तिथे हे पान कामाला येतं. वास तिखट असल्यामुळे कमी मीठही चालून जातं.

चौघांसाठी एक वाटी मूगडाळ हळद घालून शिजवा. दोन चमचे तेलात मोहरी, जिरे, पाच-सहा ठेचलेल्या लसूण पाकळ्या आणि मिरची घाला. पाच-सहा पानं बारीक चिरून अर्धा मिनिट परता. मग डाळ ओतून पाच मिनिटं उकळा. मीठ नेहमीच्या निम्मं घाला आणि ताटात लिंबू पिळा. सातव्या-आठव्या पानापासून आमटी कडवट लागू लागते, तेव्हा मोह आवरा.

चटणीसाठी आठ-दहा पानं तव्यावर थोड्या तेलात परता. मूठभर भाजलेले शेंगदाणे, लसूण, मिरची आणि चिंचेचं बोटूक घालून वाटा. भाकरीबरोबर छान लागते. भजीही होते, पण ती सणासुदीला. आणि एवढ्याशा पानांनी रक्त वाढत नाही. त्यासाठी डाळी, पालेभाज्या, अंडी, मटण-मासे आणि दवाखान्यातल्या लोहाच्या गोळ्या हव्यातच.

झाड लावायला शेजारणीकडून वीतभर फांदी आणा. खालची पानं काढून मातीत खोचा. डब्याला तळाशी भोकं पाडा. रंगाचा किंवा कीटकनाशकाचा डबा घेऊ नका, गटाराकाठची माती आणि सांडपाणी वापरू नका. माती सुकल्यावरच पाणी द्या, जास्त पाण्याने मुळं कुजतात. खाली ताटली ठेवली असेल तर आठवड्यातून एकदा तरी ती रिकामी करून घासा, नाहीतर तिथे डेंग्यूचे डास होतात. पानफुटीशी गल्लत करू नका. तिची पानं गुळगुळीत असतात, त्यांना ओव्याचा वास नसतो. ती आमटीत घालायची नाहीत.

दारातलं झाड राहू द्या, शेजारणीलाही फांदी द्या. फक्त देताना बाळाचा श्वास कसा मोजायचा, तेही सांगा.