जुन्नरचीं गवाक्षें : न पाहणारे डोळे

लेण्याच्या दर्शनीं भागावरील कमानदार गवाक्षास ‘लेण्याचा डोळा’ म्हणण्याचा प्रघात आहे. हें रूपक जुन्नरच्या लेण्यांस कितपत लागू पडतें, तें येथें पाहावयाचें आहे.

‘गवाक्ष’ म्हणजे बैलाच्या डोळ्यासारखें तें, अशी परंपरागत व्युत्पत्ति आहे. अमरकोशांत तो शब्द वातायनाचा पर्याय म्हणून येतो. परंतु पाणिनीचा (५.४.७६) दंडक असा कीं, ‘अक्षि’ हा शब्द पाहण्याच्या इंद्रियाचा वाचक नसेल तरच समासान्तीं त्याचें ‘अक्ष’ व्हावें. सिद्धान्तकौमुदींत ह्याच सूत्राखालीं ‘गवाक्ष’ हें उदाहरण आहे. म्हणजे वैयाकरणांच्या मतें गवाक्ष हा न पाहणारा डोळा होय.

आतां प्रत्यक्ष लेणीं घेऊं. कार्ल्यास महाकमान उघडी असून तिच्यांतून उजेड आंत जातो. लेण्याद्रीच्या ६ व्या क्रमांकाच्या चैत्यगृहावरील कमान मात्र आंधळी आहे. आंत उजेड येतो तो खालच्या दारांतून. मानमोडीच्या भूतलिंग गटांतील चैत्यगृहाच्या कमानीचें अर्धवर्तुळ पाकळ्यांत विभागून मधल्या पाकळींत गजलक्ष्मी कोरली आहे. तेथील ब्राह्मी लेखांत चंद नांवाचा यवन आपल्या दानास ‘गभदार’, म्हणजे गर्भद्वार, म्हणतो. डोळ्याचें नांव घेत नाहीं.

काम अपुरें राहिल्यामुळें कमान बंद राहिली असावी, अशी शंका कोणी घेईल. मानमोडीचा अंतर्भाग अपुरा आहे खरा; परंतु जेथें खिडकी फोडावयाची तेथें कोणी लक्ष्मी कोरीत नाहीं. लेण्याद्रीचें चैत्यगृह तर स्तूपासह पूर्ण असून त्यावर कल्याणच्या सुलसदत्ताचा दानलेखहि आहे. तेव्हां ह्या कमानी पाहण्यासाठीं नसून पाहिल्या जाण्यासाठीं आहेत.

व्याकरण हें शिल्पाचें प्रमाण नव्हे, हें मी जाणतों. हा प्रपंच करण्याचें कारण स्वतःची चूक हेंच आहे. कार्ल्याचा देखावा मनांत ठेवून लेण्याद्रीसहि कमानींतून स्तूपावर प्रकाश पडतो, असें टिपण मीं तरुणपणीं केलें आणि आंबेगांव तालुक्यांतील विद्यार्थ्यांस वर्षानुवर्षें तेंच शिकविलें. निवृत्तीनंतर एका दुपारीं त्या चैत्यगृहांत उभा राहिलों, तेव्हां वर अंधार होता व उजेड पायाशीं होता.

म्हणून संग्राहकांस विनंती कीं, टिपणांत नुसतें ‘गवाक्ष’ न लिहितां तें उघडें कीं मिटलेलें, हें अवश्य नोंदवावें. पोथींतील शब्दावरून भोंक गृहीत धरूं नये.