विश्लेषण : १२५ डॉलरसाठी गायलेले गाणे अमेरिकी रेडिओला का खुपले?

नॅशव्हिल, ३ मे १९५२. ट्युलेन हॉटेलमधील कॅसल स्टुडिओत ३२ वर्षांच्या किटी वेल्स एक गाणे ध्वनिमुद्रित करायला आल्या. गाण्यावर त्यांचा फारसा जीव नव्हता. आरसीए कंपनीसाठी केलेल्या आधीच्या तबकड्या चालल्या नव्हत्या, घरी तीन मुले होती आणि गाणे थांबवण्याचा विचार मनात पक्का होत आला होता. डेक्का कंपनीच्या पॉल कोहेन यांनी पती जॉनी राइट यांच्यामार्फत विचारले, तेव्हा ध्वनिमुद्रणाचे १२५ डॉलर तरी मिळतील, एवढ्याच हिशेबाने त्या तयार झाल्या. ‘इट वॉझन्ट गॉड हू मेड हाँकी टाँक एंजल्स’ हे ते गाणे.

हाँकी-टाँक म्हणजे काय?

अमेरिकेतील दारूबंदी १९३३ मध्ये उठली आणि टेक्सासच्या तेलक्षेत्रांत, हमरस्त्यांच्या कडेला स्वस्त मद्यालये उभी राहिली. एका कोपऱ्यात नाणे टाकून वाजणारा ज्यूकबॉक्स, मधे नाचायला जागा. हीच हाँकी-टाँक. या गोंगाटात साधी गिटार ऐकूच येत नसे. त्यामुळे कंट्री संगीतात विजेवर चालणारी गिटार आणि तारांवर धातूचा दांडा सरकवून वाजवायची स्टील गिटार आली. स्टील गिटारचा लांबवत नेलेला, हुंदक्यासारखा सूर ही या गाण्यांची खूण. गाण्यांतली माणसेही बदलली. डोंगर, शेत, आई मागे पडून दारू, फसवणूक आणि मोडलेले संसार पुढे आले. दोष मात्र बहुतेक वेळा बाईच्याच पदरात.

मूळ गाणे कोणते?

त्याच वर्षी हँक थॉम्पसन यांचे ‘द वाइल्ड साइड ऑफ लाइफ’ बिलबोर्डच्या कंट्री यादीत १५ आठवडे पहिले होते. संसार सोडून बारच्या झगमगाटात रमलेल्या पत्नीबद्दल त्यात नवऱ्याची तक्रार आहे. अशा बायका देवानेच घडवल्या, असा त्याचा सूर. लुइझियानातील जे. डी. मिलर यांनी ते ऐकले आणि उत्तर लिहिले. आपल्याकडे तमाशातल्या सवाल-जवाबात असते तसेच. गाण्यातली बाई ज्यूकबॉक्सवर तेच गाणे ऐकत बसली आहे. ती म्हणते, यात देवाचा दोष नाही. लग्न झालेले पुरुष अविवाहित असल्यासारखे वागतात, त्यातूनच अनेक चांगल्या बायका वाट चुकतात.

चाल का बदलली नाही?

मिलर यांनी थॉम्पसन यांचीच चाल ठेवली, आणि इथेच गाण्याची खरी करामत आहे. पहिल्या दोन ओळींतच श्रोत्याला मूळ तक्रार आठवते, उत्तर कोणाला आहे हे सांगावे लागत नाही. ही चाल थॉम्पसन यांचीही नव्हती. कार्टर फॅमिलीच्या १९२९ च्या एका प्रेमगीतात ती होती, रॉय एकफ यांच्या ‘द ग्रेट स्पेकल्ड बर्ड’ या धार्मिक गीतातही होती. म्हणजे भक्तीची आणि बारची चाल एकच!

वेल्स यांचे गाणेही ठसकेबाज नाही. शॉट जॅक्सन यांची स्टील गिटार मागे रडत असताना त्या जवळजवळ निर्विकार, सरळ आवाजात गातात. रागाने गायले असते, तर ते भांडण वाटले असते. इथे साक्ष दिल्यासारखे वाटते.

मग बंदी कशासाठी?

एनबीसी रेडिओने ते गाणे आक्षेपार्ह ठरवले. ‘ग्रँड ओल ऑप्री’ या नॅशव्हिलच्या प्रतिष्ठित कार्यक्रमातही काही काळ ते गाण्यास मनाई होती. पत्नीला बोल लावणाऱ्या मूळ गाण्याला मात्र अशी आडकाठी झाली नव्हती. श्रोत्यांनी मनाई जुमानली नाही. ऑगस्टमध्ये गाणे पहिल्या क्रमांकावर गेले आणि सहा आठवडे तिथे राहिले. बिलबोर्डच्या कंट्री यादीत एखादी एकल गायिका अव्वल ठरण्याची ही पहिलीच वेळ.

गायिकांच्या तबकड्या खपत नाहीत, हा कंपन्यांचा लाडका समज त्यानंतर टिकणे कठीण होते. पुढे पॅट्सी क्लाइन, लोरेटा लिन आल्या. गाणे सोडायला निघालेल्या वेल्स यांच्याशी डेक्काने १९५९ मध्ये आजीवन करार केला.