मुंढव्याची भट्टी, जगाची बाजारपेठ
बाबा कल्याणींच्या कारकिर्दीचा हिशेब बहुधा त्यांनी विकत घेतलेल्या परदेशी कारखान्यांवरून मांडला जातो. माझ्या मते निर्णायक घटना त्याआधीची, आणि ती पुण्याच्या मुंढव्यात घडली. वडील नीलकंठरावांनी 1961 साली ‘भारत फोर्ज’ स्थापन केली; अमेरिकेतल्या एमआयटीतून शिकून बाबा 1972 मध्ये तिथे रुजू झाले. तापलेले पोलाद साच्यात दाबून ट्रकचा क्रँकशाफ्ट किंवा पुढच्या आसाचा दांडा घडवणे हे तेव्हा अंगमेहनतीचे काम होते. 1980च्या दशकाच्या अखेरीस त्यांनी जर्मनीहून स्वयंचलित प्रेस मागवले आणि ते चालवायला अभियंते नेमले. स्वस्त मजुरी हेच भारताचे भांडवल मानण्याच्या काळात हे उफराटेच होते!

कोणी म्हणेल, वारशाने कारखाना मिळालेल्याचे कौतुक कशाला? आक्षेप रास्त आहे, पण अर्धाच. वारशात कारखाना मिळाला, निर्यातीची बाजारपेठ नव्हे. यंत्रांनी हातांचे काम हिरावले, हा आक्षेप अधिक टोकदार; त्याची किंमत कामगारांनी मोजली, हे झाकण्यात अर्थ नाही. मात्र अचूकतेशिवाय परदेशी ट्रक उत्पादकांनी कंपनीला दारातही उभे केले नसते. पुढची परदेशी कारखान्यांची खरेदी, म्हणजे जर्मनीतील कार्ल डान पेडिंगहाउस, 2005 मध्ये मिशिगनमधील फेडरल फोर्ज, याच कौशल्याच्या बळावर झाली. प्रत्येक डाव साधला असे नाही; चीनमधल्या भागीदारीतून कंपनी बाहेर पडली. उलट पुण्यातल्याच एआरडीई या संरक्षण प्रयोगशाळेच्या तोफेने मार्च 2025 मध्ये मोठे कंत्राट मिळवून दिले: 307 तोफांपैकी मोठा वाटा भारत फोर्जकडे आला.