जिभेची साक्ष

समजा पाचसात बायांनी मिळून शेंगदाण्याच्या लाडवांचा धंदा काढला आहे. गूळ महागला. दुकानदार म्हणतो, "हा दुसरा घ्या, स्वस्त पडेल. चवीत काही फरक नाही हो!" आता करायचे काय? गूळ बदलला आणि गिऱ्हाईक तुटले, तर धंदा बसला. फरक मुळीच नसेल, तर रोजचा पैसा फुकट जातो. इथे जिभेची साक्ष काढावी लागते, आणि तीही उलटतपासणी करून.

ही उलटतपासणी कशी करायची, त्याची एक गोष्ट आहे. इंग्लंडात रोथॅमस्टेडच्या शेती संशोधन केंद्रात १९२०च्या दशकात म्युरिएल ब्रिस्टल नावाच्या संशोधिका होत्या. कपात आधी दूध ओतले की आधी चहा, हे आपल्याला चवीवरून कळते, असे त्यांचे म्हणणे. रोनाल्ड फिशर या संख्याशास्त्रज्ञाने १९३५ साली आपल्या पुस्तकात अशा परीक्षेचे गणित मांडले. कप आठ घ्यायचे. चारांत दूध आधी, चारांत चहा आधी. क्रम दैवावर सोडायचा. आठांतून चार निवडण्याच्या रीती ७०, आणि त्यांतली बरोबर एकच. तेव्हा सगळे कप ओळखले, तर तो नुसता अंदाज असण्याचा संभव सत्तरांत एक. पण चारांपैकी तीनच ओळखले तर? तीन किंवा अधिक कप अंदाजानेच बरोबर येण्याचा संभव सत्तरांत सतरा, म्हणजे चारांत जवळजवळ एक. एवढ्यावर शाबासकी देता येत नाही.

आपल्या लाडवांसाठी याहून सोपी रीत आहे. प्रत्येकापुढे तीन लाडू ठेवायचे. दोन एका गुळाचे, तिसरा दुसऱ्या गुळाचा. वेगळा कोणता, एवढेच विचारायचे. मांडणीचे क्रम सहा होतात. बारा माणसे बसवली, तर प्रत्येक क्रम दोनदा येतो. नावे सांगायची नाहीत, नुसते आकडे घालायचे. गुळाचा रंग चुगली करील, म्हणून तांबडा दिवा लावायचा. मधून मधून पाण्याची चूळ भरायची. पान-तंबाखू खाऊन मात्र कुणी येऊ नये! बारांपैकी चौघे तर अंदाजानेही बरोबर सांगतील. निदान आठांनी ओळखले, तर फरक आहे असे धरून चालतात.

पण फरक कळणे वेगळे आणि आवडणे वेगळे, बरं का! आवडीचा प्रश्न नेहमीच्या गिऱ्हाइकांनाच विचारायचा. तोही नीट विचारायचा. अमेरिकेतल्या कोका-कोला कंपनीने सुमारे दोन लाख लोकांना चव देऊन १९८५च्या एप्रिलमध्ये नवे पेय आणले. चाखताना पुष्कळांना ते अधिक आवडले होते. पण जुने बंद होताच लोक चिडले, आणि ७९ दिवसांत कंपनीला जुने पेय परत आणावे लागले. घोटभर पेयाची परीक्षा झाली होती. रोजच्या सवयीची झालीच नव्हती.

तेव्हा परीक्षा झाली, तरी आपल्या बायांनी थोडे लाडू नव्या गुळाचे करून चार गिऱ्हाइकांच्या घरी आठवडाभर द्यावेत. डबा रिकामा परत येतो की नाही, ते पाहावे. मग खुशाल गुळाचा सौदा करावा.