बराकीतले शब्द – ९ : देवळालीचा ताप

मागच्या आठवड्यात 'ब्लायटी' पाहिला. आपल्या 'विलायती'ला गोऱ्या शिपायाने दिलेलं ते रूप, अर्थ मायदेश. आजचा शब्द त्याच मायदेशी नेणाऱ्या बोटीची वाट बघता बघता जन्मला, आणि तोही नाशिक जिल्ह्यात. शब्द आहे 'डूलॅली'. पूर्वी तो 'डूलॅली टॅप' असा जोडीने यायचा. डूलॅली म्हणजे देवळाली, टॅप म्हणजे ताप. ब्रिटिश शिपायाला आपला सोबती डोक्याने जरा सरकलाय असं म्हणायचं असलं, की तो म्हणे, याला देवळालीचा ताप चढलाय.

आधी पत्ता नीट सांगायला हवा, कारण महाराष्ट्रात देवळाल्या एकीपेक्षा जास्त आहेत. राहुरीजवळची देवळाली प्रवरा वेगळी. नाशिकरोडला लागून असलेलं देवळाली गाव वेगळं. आपली देवळाली म्हणजे देवळाली कॅम्प, जिला नाशिककर नुसतंच 'कॅम्प' म्हणतात. आज तिथे भारतीय लष्कराचं तोफखाना प्रशिक्षण केंद्र, स्कूल ऑफ आर्टिलरी, आहे. जुन्या मुंबईकरांना ती आठवते हवापालटासाठी आणि पारशी मंडळींच्या सॅनेटोरियमांसाठी. हवा कोरडी, संध्याकाळी गार वारा, चालायला मोकळे रस्ते. वेड लागण्यासारखं तिथे काही नाही, हे कुठलाही नाशिककर शपथेवर सांगेल.

मग ही बदनामी तिच्याच वाट्याला का आली?

देवळालीला गोऱ्या फौजेची छावणी पडली १८६१च्या सुमारास. ही छावणी लढणाऱ्या पलटणीची नव्हती, मुक्कामाची होती. विलायतेहून मुंबईला उतरलेला शिपाई आधी इथे यायचा आणि इथून पेशावर, लखनौ, सिकंदराबाद असा आपापल्या पलटणीकडे जायचा. हिंदुस्थानातली नोकरी संपलेला शिपाई उलट दिशेने इथे यायचा आणि बोटीची वेळ झाली की घाट उतरून मुंबई गाठायचा. मुंबईच्या दमट बंदरात शेकडो माणसं बसवून ठेवण्यापेक्षा त्यांना घाटमाथ्यावरच्या बऱ्या हवेत ठेवावं, हा हिशोब चुकीचा नव्हता. १८६५ साली रेल्वे थळ घाट चढून इगतपुरीला पोचली, आणि पुढे रुळाच्या कडेलाच असलेली देवळाली या कामाला फारच सोयीची झाली.

गोची होती बोटींत. १८६०च्या दशकात सरकारने खास हिंदुस्थानच्या फौजेसाठी पाच मोठ्या बोटी बांधून घेतल्या : क्रोकोडाइल, युफ्रेटिस, जमना, मलबार आणि सेरापिस. पोर्ट्‌समथ ते मुंबई अशी त्यांची फेरी १८९४पर्यंत चालू होती, मग भाड्याच्या बोटी आल्या. पण बोटी कुणाच्याही असोत, हंगाम ठरलेला. साधारण सप्टेंबर-ऑक्टोबरला फेऱ्या सुरू व्हायच्या आणि मार्च-एप्रिलला थांबायच्या. उन्हाळ्यातला तांबडा समुद्र म्हणजे भट्टी, त्यापाठोपाठ अरबी समुद्रातला पावसाळा. कोंबून भरलेल्या माणसांना त्यातून न्यायचं म्हणजे वाटेतच निम्मी आजारी पाडायची, हे अधिकाऱ्यांना कळत होतं.

शिपायाची मुदत मात्र हंगाम बघून भरत नाही. १८७०च्या कायद्याने भरती बारा वर्षांची झाली, त्यातली काही वर्षं प्रत्यक्ष पलटणीत आणि उरलेली राखीव दलात. पलटणीतली वर्षं पुरी झालेल्याला इंग्रजीत 'टाइम-एक्स्पायर्ड' म्हणत. अशा माणसाची शेवटची बोट हुकली, की पुढली पावसाळा संपल्यावर. तोवर देवळाली.

इथे जरा थांबून त्या माणसाचा दिवस डोळ्यांपुढे आणायला हवा, कारण शब्दाचा सगळा जीव त्यात आहे. वेल्समधल्या कोळशाच्या खाणीतून आलेला, सात-आठ वर्षं सीमेवर काढलेला एखादा समजा. पलटणीत असताना पहाटेच्या बिगुलापासून रात्री दिवा विझेपर्यंत त्याला कुणी ना कुणी कामाला जुंपत होतं. इथे त्याची पलटण नाही, त्याला ओळखणारा सार्जंट नाही, बराकीतले सोबती दहा वेगवेगळ्या पलटणींतले. कवायत नावापुरती. दुपारी बाहेर पडायची सोय नाही, कारण ऊन थेट मेंदूत शिरतं असा त्या काळच्या डॉक्टरांचाही पक्का समज होता. त्यापायी डोक्यावर सोला हॅट, पाठीच्या कण्यावर जाड कापडाची पट्टी. मग खाटेवर पडून छताकडे बघायचं. संध्याकाळी कँटीनमध्ये बिअर. पत्ते, फासे आणि 'हाउस'. फौजेत पैसे लावून खेळायला रीतसर परवानगी असलेला खेळ हा एवढाच. तो आज आपल्या सोसायटीच्या गणेशोत्सवात 'हाउजी' म्हणून खेळला जातो. आणि रोज एकच प्रश्न : बोट कधी?

या दिवसांविषयी सगळ्यांत कामाची साक्ष फ्रँक रिचर्ड्‌स या शिपायाची आहे. रॉयल वेल्श फ्यूझिलियर्सचा हा साधा शिपाई विसाव्या शतकाच्या पहिल्या दशकात हिंदुस्थानात होता. त्याचं 'ओल्ड सोल्जर साहिब' हे पुस्तक १९३६ साली निघालं. तो सांगतो, की आपल्या आधीच्या काळात मुदत भरलेल्यांना देवळालीत महिनोन्‌महिने बोटीची वाट बघत बसावं लागे, आणि करायला काही नसे. वर्षानुवर्षं एकही डाग नसलेली माणसं इथे येऊन बिघडायची. कुणी काहीतरी आगळीक करून कैदेत जायचा, कुणी गुप्तरोग जडवून घेऊन इस्पितळात. विचित्र वागणाऱ्या माणसाला 'डूलॅली टॅप' झालाय म्हणतात ते त्या छावणीतल्या कंटाळ्यावरूनच, असं त्याचं मत. मत म्हणतो ते मुद्दाम. हे सांगताना तो 'मला वाटतं' असं जपूनच म्हणतो. शब्दांच्या उगमाबद्दल छातीठोक बोलणाऱ्या विद्वानांपेक्षा मला हा शिपाई जास्त विश्वासाचा वाटतो.

दुसरी कथा अशी, की देवळालीला वेड्या शिपायांचं इस्पितळ होतं म्हणून शब्द पडला. इंग्रजी पुस्तकांत ती सर्रास भेटते. आपल्याला ती चटकन पटते, कारण 'याला येरवड्याला न्यायला पाहिजे' किंवा 'ठाण्याला पाठवा' ही आपली रोजची बोली आहे. इस्पितळाचं गाव वेडाचं नाव होणं आपल्या सवयीचं, आणि लंडनच्या बेथलेम इस्पितळावरून 'बेडलम' करणाऱ्या इंग्रजांच्याही. पण छावणी म्हटली की इस्पितळ असतंच, तेवढ्यावरून ते वेड्यांचं ठरत नाही. मनाने खचलेल्या शिपायांना शेवटी धाडलं जायचं विलायतेला, इंग्लंडच्या दक्षिण किनाऱ्यावरच्या नेटली इथल्या लष्करी इस्पितळात. तिथे १८७० साली त्यांच्यासाठी 'डी ब्लॉक' नावाची वेगळी इमारत उघडली. तिथवर पोचायलाही बोटच लागायची. म्हणजे ही कथा थोडीफार खरी धरली, तरी आपण फिरून त्याच बोटीपाशी येतो.

आता 'टॅप'. गोऱ्या शिपायाची हिंदुस्थानी म्हणजे बाजारात आणि बराकीत कानावर पडलेली. ती बोलण्याला तो 'स्लिंग द बॅट' म्हणे; हा 'बॅट' क्रिकेटचा नव्हे, आपली 'बात'. अशा कानाने ताप ऐकला की फारसी-उर्दूतला 'तप', हे सांगणं अवघड आणि फारसं गरजेचंही नाही. क्षयाला हिंदीत 'तपेदिक' म्हणतात त्यातला हा 'तप'. संस्कृत 'ताप' आणि फारसी 'तप' मुळात एकाच घराण्यातले. इंग्रजीत 'टॅप' म्हणजे टपलीही, त्यामुळे डोक्यात टपली बसलेला असा आयता दुसरा अर्थ शिपायाला फुकट मिळाला, आणि शब्द रुळायला त्याची मदतच झाली असणार.

पण ताप म्हणण्यात निव्वळ विनोद नव्हता. हिवताप त्या फौजेला पाचवीला पुजलेला. तो डासामुळे होतो याचा माग रोनाल्ड रॉसला सिकंदराबादेत लागला १८९७ साली, तोवर दोष दलदलीच्या हवेला. 'ताप डोक्यात गेला' असं आपण म्हणतो तसंच तिथे डोळ्यांदेखत व्हायचं. चांगला धडधाकट माणूस रात्रीत बरळायला लागायचा. त्यामुळे वेड हीसुद्धा या मुलखात चढणारी आणि कधीतरी उतरणारी एक बाधा, असं शिपायाने धरलं. शब्दाचा वापरही तसाच होता. माणूस 'डूलॅली' नसायचा, त्याला डूलॅली टॅप 'झालेला' असायचा. आपल्या 'डोक्याला ताप'मधला ताप त्रासाचा, त्यांचा ताप भ्रमाचा. पण दोन्ही ताप डोक्यालाच.

उच्चाराची गंमत मराठी माणसालाच नीट कळेल. 'देव' लिहायला इंग्रज कारकुनाने डी, ई आणि ओ अशी अक्षरं घेतली; देवगडचंही त्याने 'देओगड' केलं होतं. 'ळ' त्याच्याकडे नाही, म्हणून तिथे साधा एल. कागदावर झालं 'देओलाली'. ते वाचणाऱ्या शिपायाने पुढचे दोन स्वर एकात गिळले आणि 'लाली'वर जोर दिला : डूलॅली. एकदा म्हणून बघा, इंग्रजीत हा शब्द आपोआपच खुळचट वाटतो. मुक्कामाच्या छावण्या आणखीही असतील, पण नावातच असं खूळ असलेली एखादीच.

पुढचा प्रवास पहिल्या महायुद्धाने घडवला. १९१४ साली हिंदुस्थानातल्या गोऱ्या पलटणी युरोपात नेल्या, राखीव दलातले जुने शिपाई पुन्हा बोलावले. रिचर्ड्‌स त्यांतलाच एक. या मुरलेल्या मंडळींच्या शेजारी खंदकात येऊन बसली गिरण्यांतली, दुकानांतली, शाळांतली नवी पोरं. चहा मागायचा तो 'चार', बघायचं ते 'डेको', फुकटचं ते 'बकशी', हे सगळं त्यांनी तिथे उचललं. त्यातच डूलॅली टॅप. १९२५ साली सैनिकी शब्दांचा एक इंग्रजी संग्रह छापून निघाला, त्यात तो जुन्या फौजेचा शब्द म्हणून नोंदला आहे. या नव्या पोरांनी देवळाली पाहिली नव्हती आणि ताप म्हणजे काय हे त्यांना ठाऊक नव्हतं. मग टॅप गळाला. उरलेल्या डूलॅलीचं विशेषण झालं आणि अर्थाची धार गेली. आज इंग्रज म्हातारी चष्मा फ्रिजमध्ये ठेवते आणि स्वतःलाच हसून म्हणते, मी डूलॅली होत चालले. प्रिंटर भलतंच छापायला लागला तर तोही डूलॅली. शब्द लाडीगोडीचा, चिडवण्याचा. खरोखर मनाने आजारी असलेल्या माणसाबद्दल वापरला तर मात्र तिथेही भुवया उंचावतात, आणि ते योग्यच आहे.

दुसऱ्या महायुद्धातही देवळालीचं हे मुक्कामाचं काम चालू होतं, आणि वाट बघण्याचा जाच तर वाढलाच होता. युद्ध संपूनही घरी सोडत नाहीत म्हणून जानेवारी १९४६मध्ये ब्रिटिश हवाई दलातल्या माणसांनी कराचीपासून सुरुवात करून ठिकठिकाणच्या तळांवर काम बंद केलं. ते लोण देवळालीचं नव्हे, पण दुखणं तेच. त्याच सुमाराला जिमी पेरी नावाचा एक तरुण देवळालीला तोफखान्याच्या नाटकमंडळीत होता. पुढे त्याने डेव्हिड क्रॉफ्टबरोबर 'इट एन्ट हाफ हॉट मम' ही बीबीसीची विनोदी मालिका लिहिली. ती १९७४ ते १९८१ चालली. कथा सुरू होते देवळालीच्या छावणीत, चित्रीकरण मात्र इंग्लंडात, आणि रंगीराम या हिंदी नोकराच्या भूमिकेत तोंडाला रंग फासलेला गोरा नट. त्यावर पुढे बरीच टीका झाली आणि आता ती मालिका तिकडे क्वचितच दाखवतात.

इतकं फिरून शब्द महाराष्ट्रात परत आलाच. २००९ साली पुण्यात 'डूलॅली' नावाची छोटी बिअर-भट्टी सुरू झाली, आणि पुढे मुंबईतही तिची दुकानं आली. बिअरच्या नळालाही इंग्रजीत टॅपच म्हणतात, तेव्हा शंभर वर्षांपूर्वी गळालेला टॅपही तिथे आपसूक जागेवर बसला. देवळालीच्या कँटीनमध्ये कोमट बिअर पीत बसलेल्या खाणकामगाराला हे नाव ठेवणाऱ्याची अक्कल बहुधा आवडली असती.

पुढच्या आठवड्यात 'कुशी'. तो आपल्या खुशीतून आलाय असं सगळेच सांगतात. खंदकात त्याचा अर्थ मात्र हाड न मोडता घरी पाठवणारी जखम असाही होता.