सी ड्राइव्हमधली दहा वर्षं

14 ऑक्टोबर 2025 ला मायक्रोसॉफ्टने विंडोज 10 चा हात सोडला आणि त्याच महिन्यात म्हसळ्याच्या बाजारपेठेतल्या एका दुकानाने आपला शेवटचा जुना पीसी भंगारात काढला. सायबर कॅफे म्हणून ते दुकान केव्हाच संपलं होतं. आज तिथे आधार, पॅन, सात-बारा आणि उत्पन्नाच्या दाखल्याचे अर्ज भरतात. कोपऱ्यातला तो एक डबा मालकाने हट्टाने ठेवला होता, एवढंच. काउंटरवरच्या पोराला मी विचारलं, "हार्ड डिस्क तरी काढून घेतलीस का रे? गेम्स होत्या त्यात." तो म्हणाला, "गेमचं काय काका, डाउनलोड होईल परत."

हे "होईल परत" मला टोचलं. गेम परत येईलही. पण त्यात कोणी कुठवर मजल मारली होती, कोणी कुठली फाइल उघडून काय बदललं होतं, ते कुठून डाउनलोड होणार? या पोरांना आमच्यापेक्षा बरं खेळता येतं, हे मान्य. मात्र खेळलेलं नेमकं कुठे साठतं असं विचारलं, की "अकाउंटमध्ये" या पलीकडे उत्तर नाही. आमच्याकडे प्रत्येक गोष्टीला पत्ता होता. ड्राइव्हचं अक्षर, मग फोल्डर, मग त्याच्या पोटातला फोल्डर. तो पत्ता पाठ असलेली माणसं आता कमी होत चालली आहेत, म्हणून हा मागोवा.

नव्वदच्या दशकाबद्दल फार सांगण्यासारखं नाही. संगणक म्हणजे कुलूपबंद खोलीत प्लास्टिकच्या आवरणाखाली ठेवलेली वस्तू. ज्यांचे काका-मामा मुंबईत होते, त्यांनी मे महिन्याच्या सुट्टीत डेंजरस डेव्ह आणि प्रिन्स ऑफ पर्शिया पाहिलेले. डॉसचा जमाना. एका फोल्डरात अख्खा गेम, तो फ्लॉपीवर उतरवला की काम झालं. "प्रिन्स" टाइप करून पुढे "मेगाहिट" लिहिलं की चीट चालू होतात, एवढं ज्ञान असलेला मुलगा वर्गात भाव खाऊन जायचा. गंमत म्हणजे प्रिन्स लिहिणाऱ्या जॉर्डन मेकनरलाच त्याचा मूळ सोर्स कोड वीसेक वर्षं सापडत नव्हता. 2012 मध्ये त्याच्या वडिलांना घरातल्या एका खोक्यात जुन्या फ्लॉप्या मिळाल्या, तेव्हा तो हाती लागला. फ्लॉपी होती म्हणून सापडला, हे लक्षात ठेवण्यासारखं.

आमची खरी दहा वर्षं 2004 ते 2014 ची. कॅफे नवा होता, पण डायल-अप इतकं रडतखडत चालायचं की इंटरनेटसाठी फारसं कोणी फिरकत नसे. गर्दी व्हायची ती व्हाइस सिटीसाठी. हा गेम पीसीवर आला मे 2003 मध्ये. आमच्याकडे पोचायचे मार्ग दोन. एक लॅमिंग्टन रोडचा. मुंबईहून कोणीतरी सीडी घ्यायचं आणि ती एसटीतून माणगाव करत, घोणसे घाटातून म्हसळ्यात यायची. दुसरा मार्ग आखाताचा. इथल्या मोहल्ल्यात घरटी एखादा माणूस कुवेत, दुबई नाहीतर सौदीला. सुट्टीवर येताना अत्तर, चॉकलेट, ब्लँकेट आणि त्यासोबत डीव्हीडी. बहुतेक माल चोरीचाच होता. त्यावर आता कोणी नीतीचे धडे देऊ नयेत, कारण अस्सल सीडी विकणारं दुकान म्हसळ्यातच काय, आसपासही नव्हतं.

चोरीचा माल असल्यामुळेच आम्हाला फाइल्स कळल्या. गेम इन्स्टॉल केला की तो चालायचा नाही. मग सीडीवरच्या "क्रॅक" नावाच्या फोल्डरातली ईएक्सई उचलायची, गेम जिथे बसला आहे तो फोल्डर शोधायचा आणि मूळ ईएक्सईवर ती पेस्ट करायची. "रिप्लेस?" असं विचारलं की न घाबरता "येस". डेस्कटॉपवरचं चित्र म्हणजे गेम नव्हे, तो फक्त बोट दाखवणारा शॉर्टकट, हे आम्हाला त्या दिवशी कळलं. शॉर्टकटवर राइट क्लिक, प्रॉपर्टीज, फाइंड टार्गेट. ही तीन पावलं ज्याला आली, तो पुढे कुठेही अडला नाही.

आमच्याकडे आलेली पहिली व्हाइस सिटी मुकीच होती. आकार कमी करण्यासाठी विकणाऱ्याने ऑडिओ फोल्डरातल्या बऱ्याचशा फाइल्स छाटलेल्या. गाडीत बसावं तर रेडिओ गप्प. मग कोणाला तरी शोध लागला, की गेमच्या फोल्डरात "एमपी3" नावाचा एक रिकामा फोल्डर आहे आणि त्यात आपली गाणी टाकली की गाडीत नवं स्टेशन लागतं. झालं! गेमचा नायक टॉमी व्हर्सेटी मायामीसारख्या त्या शहरात कोळीगीतं आणि कव्वाल्या वाजवत फिरू लागला. डेटा फोल्डरात "हँडलिंग" नावाची सीएफजी फाइल होती. ती साध्या नोटपॅडमध्ये उघडायची. आत प्रत्येक वाहनाची एक ओळ आणि त्या ओळीत वजन, वेग, ब्रेक यांचे आकडे. आकडा बदलून सेव्ह केलं की पिझ्झावाल्याची फॅजिओ स्कूटर रेसच्या गाडीला मागे टाकायची. आधी मूळ फाइलची कॉपी करून ठेवायची हा नियम आम्हाला कोणी शिकवला नाही. न ठेवणाऱ्याला कॅफेतली पोरं अशी काही बोलायची की पुन्हा विसरायची सोय नव्हती.

आणि मग सेव्ह. गेम डी ड्राइव्हवर, पण सेव्ह पडायचे सी ड्राइव्हवर, माय डॉक्युमेंट्समधल्या "जीटीए व्हाइस सिटी यूझर फाइल्स" या फोल्डरात. एकूण आठ जागा. एकेका सेव्हचा आकार सुमारे 200 केबी, म्हणजे 1.44 एमबीच्या फ्लॉपीवर सात मावत आणि आठवा बाहेर राही. त्या आठव्यावरून झालेली भांडणं मला आठवतात. कॅफेत एका मशीनवर दिवसभरात कितीतरी पोरं बसायची आणि जागा आठच. "ए, माझ्या सेव्हवर कोणी सेव्ह मारला रे?" ही हाक रोजची. रिमोटच्या हेलिकॉप्टरने इमारतीत बॉम्ब ठेवायचं ते मिशन ज्याने पार केलं, त्याच्या सेव्हला बाजारभाव होता. वडापाव किंवा अर्धा तासाचं भाडं दिल्यावर फाइल मिळायची, आणि नाव बदलून तिला आपल्या जागेच्या नंबरवर कसं बसवायचं ते वर शिकवलं जायचं. नीड फॉर स्पीड मोस्ट वाँटेड आला, तेव्हा त्याच्या सेव्हचा फोल्डर खेळाडूच्या नावाने बनतो, हे कळायला आम्हाला एक संध्याकाळ पुरली.

या सगळ्याला त्या वेळी "पोरं वाया चालली" म्हणत. म्हणणाऱ्यांत सर्वांत पुढे एका संगणक क्लासचे सर होते. त्यांच्या क्लासात फाइल आणि फोल्डर हा अख्खा धडा होता आणि तो फळ्यावर शिकवला जाई. मशीनवर असं सॉफ्टवेअर टाकलेलं, की रिस्टार्ट केलं की तुम्ही केलेलं सगळं पुसलं जाऊन मशीन पुन्हा कोरं. मुलांनी काही बिघडवू नये म्हणून केलेली ती सोय. पण जिथे काहीच टिकत नाही, तिथे साठवणं शिकणार कसं? दोन महिन्यांचा कोर्स करून प्रमाणपत्र घेतलेली मुलं आपली प्रोजेक्टची फाइल शोधायला कॅफेत आमच्याकडे यायची. सर, एवढ्या वर्षांनी सांगतो, तुमची निम्मी बॅच आम्ही पास केली.

दुसरा हिशेब मशीन दुरुस्त करणाऱ्याचा. गेम अडकला, फॉरमॅट. प्रिंटर चालेना, फॉरमॅट. "डी ड्राइव्हला हात लावत नाही, गेम सेफ आहेत," असं छातीठोक सांगून हा माणूस सी ड्राइव्ह साफ करून जायचा, आणि त्यात माय डॉक्युमेंट्स असायचं. गेम शाबूत, सेव्ह सगळे स्वाहा. त्याला ते कितीदा समजावलं तरी पुढच्या खेपेला तेच. त्यातून आम्ही एक शिस्त घेतली: दुरुस्तीवाला येणार म्हटलं की आधी माय डॉक्युमेंट्स उचलून डी वर न्यायचं. बॅकअप हा शब्द नंतर कधीतरी ऐकला.

2006 च्या अखेरीस ईएचा क्रिकेट 07 आला आणि फाइलींच्या उद्योगाला बहर आला. परवाना नसल्यामुळे भारतीय खेळाडूंची नावं त्यात तोडूनमोडून दिलेली. ती सुधारून रोस्टरची फाइल करायची आणि पेनड्राइव्हवर गावभर वाटायची. पुढे आयपीएल सुरू झाल्यावर नव्या जर्सींचे पॅच आले, तेही फोल्डरात योग्य जागी टाकावे लागत. टेनिस क्रिकेट हा रायगडचा श्वास. तेव्हा आमच्या पोरांनी त्या रोस्टरमध्ये म्हसळ्याचे, मेंदडीचे, श्रीवर्धनचे खेळाडू बसवले, कोण डावखुरा, कोण फेकी गोलंदाज यावर वाद घालत. परदेशी कंपनीच्या गेममध्ये आपल्या गावाची टीम खेळते आणि ती फाइल आपण बनवली आहे, यातला आनंद आजच्या कुठल्याही विकतच्या स्किनला यायचा नाही.

अडथळे काय कमी होते? लोडशेडिंग ठरलेलं. सेव्ह पडत असताना वीज गेली की फाइल करप्ट. पेनड्राइव्हवर "न्यू फोल्डर" नावाचा ईएक्सई व्हायरस. त्याच्या भावंडांनी खरे फोल्डर लपवले की ड्राइव्ह रिकामा दिसायचा आणि लोक रडकुंडीला यायचे. मग काळ्या खिडकीत "ॲट्रिब" ही आज्ञा लिहून लपलेलं सगळं बाहेर काढायचं. वाण्यापासून मास्तरांपर्यंत सगळ्यांचे पेनड्राइव्ह आमच्या पोरांनी असे मोकळे केलेत.

पडझड विंडोजपासूनच सुरू झाली. व्हिस्टा म्हसळ्यात फारशी कोणी घेतली नाही, पण विंडोज 7 आलं आणि तिने सुरू केलेली लपाछपी आमच्या घरात शिरली. जुना गेम प्रोग्राम फाइल्समध्ये काही लिहायला गेला, की विंडोज ते गुपचूप "व्हर्च्युअलस्टोअर" नावाच्या आडजागी नेऊन ठेवायची. गेमला सेव्ह दिसे, आम्हाला फोल्डरात दिसत नसे. नवे गेम आपले सेव्ह "ॲपडेटा" मध्ये टाकू लागले, आणि तो फोल्डर मुळातच लपवलेला. त्यातही लोकल, लोकललो, रोमिंग असे तीन वाडे, कोणता गेम कुठे राहायला जाईल याचा नेम नाही. सुरक्षेसाठी हे केलं हे खरं, आणि व्हायरसच्या सुळसुळाटात त्याची गरजही होती. पण मालकालाच पाहुण्यासारखं वागवायची सवय इथे लागली. 8 एप्रिल 2014 ला एक्सपीचा आधार संपला. माझ्या लेखी आमचं दशकही त्या दिवशी संपलं.

पुढची वर्षं मोबाइलची, ती भरभर सांगतो. सुरुवातीला तिथेही बरं होतं. पबजीची दीड-दोन जीबीची ओबीबी फाइल शेअरइटने एका फोनवरून दुसऱ्या फोनवर द्यायची, ओबीबी फोल्डरात नेमक्या नावाच्या फोल्डरात ठेवायची, की पोरांचा डेटा वाचला. मग आलं 2020. 3 जूनला निसर्ग चक्रीवादळ श्रीवर्धन-दिवेआगरच्या किनाऱ्यावर धडकलं. छपरं उडाली आणि भिजलेल्या सीपीयूंसोबत उरलेसुरले सेव्हही गेले. वीज यायला कित्येक गावांना आठवडे लागले. जूनअखेर शेअरइटवर बंदी, 2 सप्टेंबरला पबजीवर. त्याच महिन्यात अँड्रॉइड 11 आलं आणि गेमच्या डेटा फोल्डरात डोकवायला इतर ॲपना मज्जाव झाला. फाइल तुमच्या फोनवर, जागा तुमच्या मेमरीतली, पण बघायची सोय नाही.

पीसीवर आज स्टीम आहे. ते वाईट नाही, हेही सांगायला हवं. राइट क्लिक करून "ब्राउझ लोकल फाइल्स" म्हटलं की फोल्डर उघडतो, बिघडलेल्या फाइल तपासून पुन्हा आणता येतात, आणि अनेक गेम्सचे सेव्ह क्लाउडवर राहतात. आमच्या त्या फॉरमॅटवाल्याने यापुढे हात टेकले असते. पण युबिसॉफ्टने 31 मार्च 2024 ला "द क्रू" चे सर्व्हर बंद केले, तेव्हा रोख पैसे मोजून घेतलेल्यांच्या डिस्कवरच्या सगळ्या फाइल्स जागच्या जागी असून गेम मेला. कॅलिफोर्नियाने तर कायदाच केला, की दुकानाने गिऱ्हाइकाला स्पष्ट सांगावं: तू गेम विकत घेत नाहीस, परवाना घेतोस.

म्हणून काउंटरवरच्या त्या पोराला माझं सांगणं आहे. डाउनलोड परत होईल, पण ते देणाऱ्याच्या मर्जीवर. आज रात्री तुझ्या आवडत्या गेमचा सेव्ह कुठे पडतो ते शोध. व्ह्यूमध्ये जाऊन हिडन फाइल्स चालू कर, ॲपडेटात शिर, तारखेप्रमाणे फाइल लाव, आत्ता खेळून उठलास त्या वेळेची फाइल बघ, आणि ती उचलून पेनड्राइव्हवर ठेव. जो गेम तुला हे करू देत नाही, त्यावर पैसे उधळण्याआधी घरात विचार. सात-बाऱ्यावर नाव नसलेल्या जमिनीत कोणी पैसा घालत नाही, हे तुझ्या दुकानात रोज अर्ज भरायला येणारी माणसं तुला सांगतील.