नकोसा वाटणारा नायक

दुपारची कामं आटोपून वाचनालयातली कादंबरी उघडणाऱ्यांना ही गोष्ट ओळखीची असेल. नायिकेला एके काळी दुखावून गेलेला माणूस अचानक परत येतो. कधी तो तिचा साहेब म्हणून येतो, तर कधी तिच्या घराचं गहाणखत त्याच्या हाती असतं. तिला तो डोळ्यांसमोर नको असतो. शेवटी याच्याशीच जमणार हे आपल्याला केव्हाच कळलेलं असतं, तरी पुस्तक खाली ठेववत नाही. ज्याला आपण प्रत्यक्षात दारात उभं करणार नाही, तो पुस्तकात का आवडतो?

उत्तरासाठी फार लांब जायला नको. वाईच्या घाटावरून वाहणारी कृष्णा पुढे सांगलीला जाते. त्या सांगलीत १८७२ साली जन्मलेल्या कृष्णाजी प्रभाकर खाडिलकरांचं ‘संगीत मानापमान’ १२ मार्च १९११ रोजी रंगभूमीवर आलं. श्रीमंताघरची भामिनी गरीब पण शूर धैर्यधराला पैसा नाही म्हणून झिडकारते. तोही मानी, तो पाठ फिरवतो. मग तीच भामिनी श्रीमंती लपवून, वनमाला या नावाने त्याच्या सहवासात येते आणि त्याच्यावर भाळते. भामिनीचं काम बालगंधर्व करत. नाटक पदांसाठी गाजलंच, पण पाहणाऱ्याला धरून ठेवतो तो या दोघांच्या मानाचा तराजू. आधी पारडं तिच्याकडे झुकलेलं, मग त्याच्याकडे. पैसा आणि नाव बाजूला ठेवल्यावरच दोघं एकमेकांना नीट पाहतात.

आपल्याला गोडी असते ती या पारडं फिरण्याची. ज्याच्याबद्दल काहीच वाटत नाही, त्याच्यावर माणूस चिडतही नाही. राग आहे म्हणजे हिशेब बाकी आहे, आणि तो चुकता झालेला पाहण्यासाठी आपण पानं उलटतो. आयुष्यात दुखावून गेलेला माणूस सहसा परत येत नाही, आला तरी चूक कबूल करत नाही. कथेत तो करतो.

शकुंतलेचंच पाहा. महाभारतातल्या दुष्यंताला सगळं आठवत असतं, तरी भर दरबारात तो तिला ओळख देत नाही. ती तिथेच त्याला खडे बोल सुनावते. कालिदासाने दुर्वासांचा शाप आणि हरवलेली अंगठी आणली. असा नायक प्रेक्षकांनी स्वीकारायचा तर त्याच्या वागण्याला कारण हवं! पण कालिदासानेही त्याला सहज सोडलं नाही. पश्चात्तापात होरपळून सातव्या अंकात राजा तिच्या पायाशी वाकतो. अण्णासाहेब किर्लोस्करांनी १८८० मध्ये हीच कथा ‘संगीत शाकुंतल’ म्हणून मराठीत आणली, तीही प्रेक्षकांनी डोक्यावर घेतली.

मात्र एक भान हवं. लेखक नायकाचं मन आपल्यापुढे उघडं करतो, त्यामुळे त्याच्या कठोरपणाआड प्रेम आहे हे आपल्याला ठाऊक असतं. प्रत्यक्षात अशी हमी कोणी देत नाही. पाठलाग करणारा, धाक दाखवणारा माणूस आतून हळवाच असेल, असं एखाद्या मुलीने पुस्तकावरून धरून चालणं महागात पडू शकतं.

मग चांगली कथा ओळखायची कशी? तिच्या ‘नाही’ला तिथे किंमत आहे का, ते पाहावं. जेन ऑस्टिनच्या १८१३ सालच्या ‘प्राइड अँड प्रेज्युडिस’मध्ये एलिझाबेथ डार्सीला साफ नकार देते. तो एक पत्र देऊन निघून जातो. पुढे तो तिच्या घरच्यांना संकटातून सोडवतो, पण ते तिला कळू नये अशी त्याची धडपड असते. म्हणूनच तिचा नंतरचा होकार खरा वाटतो. जिथे नायिकेला नाही म्हणायची सोयच नाही, तिथल्या होकाराला काय अर्थ?

तेव्हा अशा कादंबऱ्या खुशाल वाचाव्यात, त्यात लाजण्यासारखं काही नाही. फक्त पुस्तक परत करताना एवढं मनाशी विचारावं, की शेवटी वाकलं कोण, आणि ते मनापासून होतं की नाइलाजाने?